मिस्त्री जैसे थे

न्यायालयाचा आदेश कुलसचिवांच्या हातात पडला तेव्हा अकरा वाजून वीस मिनिटं झाली होती आणि कुलगुरूंच्या खुर्चीवर विद्यापीठाचे सुतार बसले होते. हौस म्हणून नव्हे. खुर्चीचा मागचा पाय डुगडुगत होता, मिस्त्रींनी त्याच्या सांध्यात नुकतीच पाचर ठोकली होती, आणि पाचर धरते की नाही हे बसून पाहिल्याशिवाय कळत नाही.

जुन्या कुलगुरूंची मुदत संपली, असं नव्यांचं म्हणणं होतं. नव्यांना निवडणाऱ्या समितीत एक सदस्य कमी होता, त्यामुळे ती निवड मुळी झालीच नाही, असं जुन्यांचं म्हणणं होतं. त्या सकाळी जुने वकिलाकडे गेले होते, नवे बाराला येणार होते, आणि मधल्या वेळात खुर्ची दुरुस्त करून घ्यावी ही कल्पना कुलसचिवांची होती. आदेश एका ओळीचा होता : पुढील सुनावणीपर्यंत कुलगुरूपदाबाबत परिस्थिती जैसे थे ठेवावी.

कुलसचिव मुळात भित्रे नव्हते. पण तीन वर्षांपूर्वी अशाच एका आदेशाचा अर्थ त्यांनी स्वतःच्या डोक्याने लावला होता, आणि अवमानाच्या नोटिशीपायी दिवसभर न्यायालयात उभे राहिले होते. दुधाने तोंड पोळलं की माणूस ताकही फुंकून पितो. कुलसचिव आता पाणीसुद्धा फुंकून पीत.

मिस्त्री उठू लागले तसे कुलसचिव दारातूनच म्हणाले, "उठू नका."

"झालं काम, साहेब. पाय बसलाय."

"पाय बसला, आता तुम्हीही बसा. जैसे थे म्हणजे जैसे थे."

त्यांनी लगेच पंचनामा केला. पंखा दोनवर. खिडकी अर्धी उघडी. टेबलावर पटाशी एक, हातोडी एक, सहीसाठी आलेली पदवी प्रमाणपत्रं एकशे अकरा. खुर्चीवर मिस्त्री. बाराला नवे आले, त्यांना पंचनामा दाखवला. तीनला जुने आले, त्यांनाही दाखवला. दोघेही वकिलांना विचारून येतो म्हणाले, आणि दोन्ही वकील म्हणाले की समोरचा बसत नसेल तर सुतार बसलेला बरा. गेल्या वर्षभरात दोन्ही बाजूंचं एकमत झालेली ही पहिलीच गोष्ट.

अशा रीतीने मिस्त्री रोज दहा ते पाच कुलगुरूंच्या खुर्चीवर बसू लागले. पहिले दोन दिवस ते अवघडून कडेला टेकत. मग हात स्वस्थ बसेनात, म्हणून त्यांनी टेबलाचे अडकणारे ड्रॉवर रंधा मारून सरळ केले. हळूहळू माणसं यायला लागली. एका विभागप्रमुखांना प्रयोगशाळेत नळ हवा होता, दुसऱ्यांना तिसऱ्यांची खोली हवी होती. मिस्त्री शेवटपर्यंत ऐकून घेत आणि म्हणत, "बघू." माणसं समाधानाने जात. आजवर त्या खुर्चीतून त्यांना याहून जास्त काही मिळालं नव्हतं, आणि शेवटपर्यंत ऐकून तर कुणीच घेतलं नव्हतं.

मिस्त्रींना मात्र झोप लागत नव्हती. त्या एकशे अकरा प्रमाणपत्रांत वरून सातवं त्यांच्या मुलीचं होतं. तिला एका रक्ततपासणीच्या प्रयोगशाळेत नोकरी लागली होती, आणि सोमवारी मूळ प्रमाणपत्र दाखवलं नाही तर ती जागा दुसऱ्याला जाणार होती. घरात पदवी घेणारी ती पहिलीच. ते हातभर अंतरावर पडलेलं नाव मिस्त्री दिवसभर वाचत बसत. कागदाला हात लावायची त्यांना भीती वाटे, बोटांना सरस असे.

त्यांनी दोन्ही कुलगुरूंना हात जोडून विनवलं. आधी निकाल, मग सही, असं दोघंही म्हणाले.

"बाबा," मुलगी एकदा जेवताना म्हणाली, "अख्ख्या विद्यापीठात त्या खुर्चीवर बसायची परवानगी फक्त तुम्हाला आहे. आणि तुमच्याच मुलीचा कागद अडलाय."

मिस्त्रींनी ताट बाजूला सारलं.

शुक्रवारी सुनावणी झाली. न्यायाधीश बाईंनी पंचनामा दोनदा वाचला, चष्मा पुसून तिसऱ्यांदा वाचला, आणि मिस्त्रींना पुढे बोलावलं. नऊ दिवस तिथे काय केलंत, असं विचारलं.

"ड्रॉवर नीट केले, बाई. लोक आले, त्यांचं ऐकलं. सही मात्र कशावर केली नाही. ती माझी नाही." ते जरा थांबले. "एकशे अकरा पोरांचे कागद पडून आहेत. एक माझ्या मुलीचा आहे, म्हणून मी बोलू नये खरं तर. पण उरलेले एकशे दहासुद्धा कुणाचे तरी आहेतच."

दोन्ही कुलगुरू आपापल्या बुटांकडे बघत होते.

बाईंनी तिथल्या तिथे आदेश दिला, की कुलगुरूंकरिता कुलसचिवांनी आजच्या आज सगळ्या प्रमाणपत्रांवर सह्या कराव्यात. कुलसचिवांनी त्या केल्या. पहिल्या वीस सह्या दर वेळी आदेश पुन्हा वाचून केल्या, मग सवय झाली.

संध्याकाळी मिस्त्रींनी हात दोनदा धुऊन प्रमाणपत्र घरी आणलं. मुलीने ते दिव्याखाली धरलं, आणि तिचे डोळे भरून आले. मग सहीखालच्या ओळीवर तिचं बोट थांबलं.

"बाबा, इथे ‘कुलगुरूंकरिता’ लिहिलंय. पण कुलगुरू कोण?"

मिस्त्रींनी खिशातून आदेशाची प्रत काढून तिच्यापुढे ठेवली. सह्यांच्या आदेशाखाली आणखी एक ओळ होती : निवडीच्या वादाची सुनावणी दोन महिन्यांनी; तोवर परिस्थिती जैसे थे.

"म्हणजे सोमवारी तुम्हीसुद्धा..."

"हो. दोघंही बरोबरच निघू."

"आणि कुलगुरू?"

"बघू," मिस्त्री म्हणाले.