कोरड्या बर्फाचा पंचनामा

मी बर्फ चोरला नाही, हे मी महिला मंडळाच्या सत्तावीस बायकांना ओरडून सांगितलं. एकीनेही विश्वास ठेवला नाही. माझ्या नवऱ्याने, पेसामिनोने, तेवढी मान हलवली; पण तो बसल्या जागी पेंगत होता, त्यामुळे ते मत मी धरत नाही.

झालं असं. मुलांचा रविवार तोंडावर आला होता. वर्षातून त्या एका दिवशी अख्ख्या सामोआत पोरं आधी जेवतात आणि आम्ही मोठी माणसं त्यांना वाढतो. (बाकीचे दिवस ती आमची ताटं उचलतात, हे आम्ही प्रार्थनेत सांगत नाही.) पोरांना डुक्कर नको, अळकुड्या नकोत, आईस्क्रीम हवं. गावातल्या दुकानाचा फ्रीझर महिनाभर बंद. बैठकीत सगळ्या गप्प. अशा वेळी शहाण्या बाईने गप्पच राहावं. मी म्हटलं, "माझा भाऊ पाठवेल!"

माझा भाऊ ताविता राजधानीत, आपियाच्या धक्क्यावर, मासळीच्या गोदामात कामाला आहे. शुक्रवारच्या बोटीने त्याने भलंमोठं थर्मोकोलचं खोकं पाठवलं. आत आईस्क्रीमचे आठ डबे आणि कागदात गुंडाळलेल्या चार पांढऱ्या विटा. मंडळाची अध्यक्ष लिटारा, म्हणजे माझी थोरली जाऊ. तिने विटा मोजून वहीत लिहिल्या. मी एकीला बोट लावलं, तर चटका! बर्फाने भाजतं हे मला चौथीपर्यंत कोणी शिकवलं नव्हतं, आणि पुढे मी गेले नाही. खोकं रात्रभर माझ्या घरी राहिलं.

शनिवारी सकाळी मंडळाच्या घरात झाकण उघडलं. दोनच विटा. त्याही आजारातून उठल्यासारख्या.

"बाकीच्या दोन कुठे गेल्या?" लिटारा म्हणाली.

"वितळल्या असतील."

"मग पाणी कुठंय?" तिने खोक्यात हात फिरवला आणि कोरडा हात सगळ्यांना दाखवला. "बर्फाचं पाणी होतं, हे माझ्या कोंबडीलाही कळतं."

"मग तिलाच अध्यक्ष करा."

"काल तुझ्याकडे पाहुण्यांना गारेगार नारळपाणी मिळालं म्हणे, फुआतिनो," मागून सोफाराना बोलली.

"पहाटे काढलेला नारळ गारच असतो, बाई! दुपारी उठणाऱ्यांना कसा माहीत असणार?"

हशा झाला, पण आळ तसाच. आमच्याकडे बाईवर चोरीचा आळ आला की तो नातवंडांच्या लग्नापर्यंत पुरतो. त्यात मुलांच्या सणाची चोरी! मी ताविताला फोन लावला आणि आवाज मोठा केला.

"ताई, तो पाण्याचा बर्फ नाहीच," तो म्हणाला. "आपण श्वासातून जो वायू सोडतो ना, तो गोठवलेला आहे. त्याचं पाणी होत नाही, सरळ हवा होते. पण ताई, तू झाकण—"

"तू थांब रे!" मी फोन बंद केला. मला हवं तेवढं मिळालं होतं.

"मासे धुता धुता शास्त्रज्ञ झाला," लिटारा म्हणाली. "उद्या डुक्कर कमी भरलं, तर त्याचीही हवाच झाली म्हणा."

माझं डोकं फिरलं. दोन्ही विटा फडक्याने उचलल्या आणि सगळ्यांच्या मधोमध चटईवर ठेवल्या. शेजारी खोकं सताड उघडं, म्हणजे नंतर कोणी म्हणायला नको की आत काही लपवलं. "आता बघा! विटा संपेपर्यंत कोणी उठायचं नाही. पोटात कळ आली तरी नाही."

सत्तावीस बायका भर दुपारी दोन विटांकडे टक लावून बसल्या. लग्नाच्या नवऱ्याकडे कोणी इतकं पाहिलं नसेल. विटांमधून धूर निघे, चटईवरून सरपटे. लिटाराने पाय वर घेतले. विटा साबणाएवढ्या झाल्या, मग सुपारीएवढ्या, मग काहीच नाही. लिटाराने चटई चाचपली, उलटी केली, शेवटी हुंगली. कोरडी ठणठणीत.

"आता?" मी विचारलं.

चूक मान्य करायची आमची रीत ठरलेली आहे. चटई डोक्यावर घेऊन समोरच्याच्या दारात बसायचं, तो क्षमा करेपर्यंत. लिटारा माझ्या दारात बसली. मी आत कोको पीत होते. क्षमा मी लगेच करणार होते, पण दुसरा कपही चांगला झाला होता.

रविवारी पांढऱ्या कपड्यांतली पोरं ओळीने बसली, हातात चमचे. विजयी वीराच्या थाटात मी स्वतः पहिला डबा उघडला. आत गुलाबी दूध, त्यात एक माशी पोहत होती. दुसरा डबा, तेच. आठही तेच. घट्टाची हवा होते हे सिद्ध करण्याच्या नादात शेजारी घट्टाचं पातळ होत होतं, आणि ते सत्तावीसपैकी एकीनेही पाहिलं नाही. अठ्ठाविसावी मी.

सगळ्यात लहान पोर भोकाड पसरून रडलं. मग बाकीची.

चर्चचे पाळकसाहेब भले माणूस. त्यांनी हात वर केले. "मुलांनो, रागवायचं नाही. आपण त्या बहिणीसाठी प्रार्थना करू. तिचं नाव घ्यायची काही गरज नाही."

पण पोरांनी सणासाठी महिनाभर बायबलची वचनं एका सुरात, मोठ्याने म्हणायची तालीम केली होती. सगळी एकदम ओरडली, "फुआतिनो!"