ओट्याचं माप

बोनस हातात पडताच दाक्षायणीने आईसाठी उभ्याचा ओटा बांधायचं ठरवलं. पस्तीस वर्षं जमिनीवर बसून भाकऱ्या थापून सुंदरम्माचे गुडघे पार कामातून गेले होते. दाक्षायणी पुण्याच्या कंपनीत प्रोजेक्ट मॅनेजर. साधं काम साधेपणाने करायची तिला सवयच नव्हती. तिने गरजांचा तक्ता छापून आईपुढे धरला.

"अव्वा, तुला ओट्यात काय काय पाहिजे?"

"भाकरी तव्यावर हाय बाई. अप्पांना इचार की."

अप्पा, म्हणजे सिद्धलिंगप्पा, सहा फुटी गृहस्थ. उभ्या जन्मात तव्याला हात लावला नव्हता, पण मतांना तोटा नव्हता.

"समोर टीव्ही पायजे. शेजारी माझी आरामखुर्ची. हितं बसून च्या पिईन की!"

धाकट्या भावाने, शिवूने, मोबाइलसाठी चार प्लग मागितले. तक्ता भरला. आईचा रकाना तेवढा कोराच राहिला.

गवंडी माप घ्यायला आला, तेव्हाही सुंदरम्मा काटवटीपुढून हलेना. "तुमीच ऱ्हावा की जरा उभं," ती नवऱ्याला म्हणाली. अप्पा ऐटीत उभे राहिले आणि गवंड्याने त्यांच्याच कमरेला टेप लावली.

ओटा झाला, काळाभोर, चकचकीत. ठेंगणी सुंदरम्मा पुढे उभी राहिली, तर तो थेट तिच्या छातीला लागला. पीठ मळायला जोर येईना, तव्यातलं दिसेना. पाटावर चढावं, तर गुडघे बोंबलणार. खाली बसावं, तर तिथे अप्पांची खुर्ची ऐसपैस पसरलेली. दाक्षायणी रडवेली झाली.

दीड वाजला. पोटात कावळे ओरडू लागले, तशी सिद्धलिंगप्पांनी चडफडत बाह्या सरसावल्या. ओटा बरोबर त्यांच्या कमरेशी!

"पानी बेतानं घाला," सुंदरम्मा खुर्चीत टेकत म्हणाली. "आन् जोर लावा की, पिटाला गुदगुल्या काय करताय?"

पहिली भाकरी फाटली. दुसरी तालुक्याच्या नकाशासारखी झाली. तिसरी मात्र टम्म फुगली आणि अप्पा स्वतःच बघत राहिले.

"चुकलं गं अव्वा," दाक्षायणी पुटपुटली. "तुझंच लिहायचं राहिलं."

सुंदरम्माने गरम भाकरीचा तुकडा शेंगाचटणीला लावून तोंडात घातला. तिचे डोळे भरून आले.

"लई उपकार झाले पोरी तुजे. लगीन झाल्यापास्नं आयती गरम भाकरी आज पयल्यांदा खातेय." मग तिने टीव्हीचा आवाज वाढवला आणि लेकीच्या कानाशी वाकली. "आन् माप द्यायला त्यास्नी उगंच उभं केलं व्हय मी?"