दुरुस्तीनंतरचा फोटो

सोमवारी सकाळी दहा वाजता गल्लीतला पाण्याचा पाइप फुटला आणि अकरा वाजता तो दुरुस्त झाला. पाणीपुरवठा खात्याच्या इतिहासात इतका गंभीर प्रकार पूर्वी घडला नव्हता. तो घडवला फिटरमामांनी. तीस वर्षं नोकरी करूनही माणूस असा उतावळा राहतो, याला काय म्हणावं!

खात्याचा नियम असा की प्रत्येक कामाचे दोन फोटो सोशल मीडियावरच्या अधिकृत पानावर टाकायचे, 'दुरुस्तीपूर्वी' आणि 'दुरुस्तीनंतर'. कारंजं उडवणाऱ्या पाइपाचा पहिला फोटो चुटकीसरशी अपलोड झाला. दुसरा नव्व्याण्णव टक्क्यांवर जाऊन अडून बसला.

"म्हणजे पाइप अजून फुटलेलाच आहे," साहेब पानाकडे बघत म्हणाले.

"साहेब, मी स्वतः जोडलाय. चला, दाखवतो."

"मी तिथे येऊन काय करू, मामा? लोक पान बघतात. फुटक्या पाइपातून पाणी सोडलं, तर नासाडीचा ठपका माझ्यावर येईल. फोटो अपलोड होईपर्यंत व्हॉल्व्ह बंद."

गल्लीचं पाणी बंद झालं. तांत्रिक कक्षातल्या मॅडमनी निदान केलं की फोटो फार मोठा आहे. मामांनी तो लहान करून घेतला, तर त्यात पाइप दिसेना. जवळून काढला, तर मॅडमनी नाक मुरडलं.

"यात काहीच घडत नाहीये, मामा."

"गळत नाही म्हणूनच तर काढलाय!"

"थोडं गळताना दाखवता येईल का? फोटो जिवंत वाटेल."

मग फोन बंद करून पुन्हा चालू करून झाला, पासवर्ड बदलून झाला. शेवटी 'फोटो अपलोड न होण्याबाबत' ऑनलाइन तक्रार करायचं ठरलं. तक्रारीसोबत तोच फोटो अपलोड करणं बंधनकारक होतं.

बुधवारी शिवणकाम करणाऱ्या मावशींनी मामांना गल्लीत गाठलं. त्यांच्या सासूबाई दीड वर्षापासून अंथरुणाला खिळलेल्या.

"तीन दिवस त्यांना अंघोळ नाही, मामा. अंथरूण धुता येत नाही. लाजेनं रडतात हो. तुमच्या फोटोनं पुसू का त्यांना?"

मामांना मेल्याहून मेल्यासारखं झालं. निवृत्तीला चार महिने उरले होते आणि व्हॉल्व्हची चावी त्यांच्याच पिशवीत होती. त्यांनी इकडेतिकडे पाहिलं, झाकण उचललं आणि चावी फिरवली. मावशींच्या घरात बादली भरू लागली. पाइपाच्या जोडातून थेंबही गळला नाही.

समोरच्या गॅलरीतल्या निवृत्त मास्तरांना अगदी भरून आलं. त्यांनी चावी फिरवणाऱ्या मामांचा फोटो काढला, 'यांच्यामुळे पाणी आलं' असं लिहिलं आणि खात्याच्या पानावर टाकला. एका दमात अपलोड झाला.

साहेबांनी तो लगेच पाहिला. अर्ध्या तासात व्हॉल्व्ह बंद आणि मामा निलंबित. आरोप, फुटक्या पाइपातून विनाफोटो पाणी सोडल्याचा. पुरावा म्हणून मास्तरांचाच फोटो जोडला. संध्याकाळपर्यंत कुणीतरी वरची ओळ बदलून 'पाणीचोर! याला ओळखून ठेवा' असं केलं आणि फोटो गावभर फिरला.

तुमच्याकडेही आला होता. तुम्ही तो चहा पिता पिता पाच जणांना पुढे पाठवलात. त्याआधी पाइप बघायला गेला होतात का? असू द्या, एवढं मनाला लावून घेऊ नका. साहेब तरी कुठे गेले होते!