हिराआजीची मैत्रीण

हिराआजी कावळ्यांना अहोजाहो करायची. गास गावातल्या तिच्या वाडीत चटईवर सोललेली राजेळी केळी सुकेळीसाठी वाळत असायची आणि कावळे टपलेले असायचे. आजी काठी उगारून ओरडायची, "मोठ्या जाऊबाई, लांब बसा! मामंजी, तुम्हीसुद्धा? मान घ्या, केळं नाय मिळायचं!" सासरचा एकही माणूस तिनं वगळला नव्हता. खऱ्या जाऊबाई कुंपणापलीकडेच राहायच्या. त्या अंगणात आल्या की आजीचा आवाज आणखी चढायचा.

मी तेव्हा सहावीत होते. मनवेलपाड्यातली चाळ सोडून आम्ही वाडीसमोरच्या नव्या बिल्डिंगमध्ये आलो होतो. आईबाबा सकाळीच मुंबईला जायचे आणि नव्या शाळेत माझ्याशी कुणी बोलायचं नाही. शाळा सुटली की मी आजीपाशी जाऊन बसायचे. तिनं मला कावळे हाकलायचं काम दिलं. वर ताकीद, "अरेतुरे करायचं नाय हां. माझ्या सासरची आहेत ती."

एका रविवारी वर्गातल्या तीन मुली प्रोजेक्टसाठी पहिल्यांदाच माझ्या घरी आल्या. मी नुसती हुरळून गेले होते. तेवढ्यात इंटरकॉम वाजला. वॉचमनकाका म्हणाले, "गेटवर एक आजी आलीय. सुकेळी आणलीत. मैत्रिणीला द्यायचीत म्हणते."

फोनमधला आवाज ऐकून मुली खिडकीतून वाकून बघत होत्या. "ए, ही कावळेवाली तुझी मैत्रीण?" एक जण खिदळली.

"मी नाही ओळखत हिला," मी फोनमध्ये सांगितलं. मुलींना ऐकू जावं म्हणून चांगलं मोठ्यानं सांगितलं.

दुसऱ्या दिवशी पाय ओढत वाडीत गेले. आजीच म्हणाली, "काल मी बिल्डिंगच चुकले गं. सगळ्या मेल्या सारख्याच."

"हो ना, सारख्याच आहेत," मी म्हणाले. सुटले एकदाची, असं वाटलं. तिनं ठेवलेली सुकेळी मी खाल्लीसुद्धा.

घरी येताना वॉचमनकाकांनी हटकलं. "काल आजी ऐकेचना. तुला निरोप दिला आणि तिला म्हटलं, तुम्हीच बोला. तू बोललीस तेव्हा फोन तिच्याच कानाला होता."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. तशीच मागे पळाले. आजी केळी झाकून ठेवत होती. मला बघून तिनं बाजूला सरकून जागा केली.

"पत्ता लिहून दे बाय," ती म्हणाली. "परत चुकायला नको."

मी वहीचं पान फाडून सगळं लिहिलं, बिल्डिंग, विंग, मजला. माफी तेवढी मागता आली नाही. आजीनं कागदाची घडी करून कमरेला खोचली.

ती आमच्या गेटवर पुन्हा कधीच आली नाही.