फोन उचलायचा नाही

यंदाची मॅच काही झालं तरी होणार, ही काळ्या दगडावरची रेघ, असं मी सोमवारीच ग्रुपवर जाहीर करून टाकलं. खरं तर तोवर मॅच रद्द होण्याबद्दल कुणी अवाक्षर काढलेलं नव्हतं. मी जाहीर केल्यावर मात्र ती कल्पना सगळ्यांच्या डोक्यात शिरली, आणि बऱ्याच जणांना ती आवडलीसुद्धा.

मॅच म्हणजे आमच्या कॉलेजची विरुद्ध देवीदासच्या कॉलेजची. पुण्यात ही दोन इंजिनिअरिंग कॉलेजं एका नाल्याच्या दोन काठांवर उभी आहेत. नाला एवढासा, पण त्याच्या दोन्ही बाजूंना पिढ्यान् पिढ्या वैर पोसलं गेलंय. पुढे दोन्ही काठांवरची बरीच मंडळी तेल, गॅस आणि कॉम्प्युटरच्या मागे दोह्याला आली आणि येताना ते वैर बॅगेत घालून घेऊन आली. दर वर्षी थंडी सरताना एका शुक्रवारी सकाळी आम्ही फुटबॉल खेळतो. जिंकणाऱ्या कॅप्टनला लाकडाची एक फिरती ढाल मिळते. फिरती आपली म्हणायची, कारण ती कित्येक वर्षांत देवीदासच्या घरातून हललेली नाही. आणि नियम असा, की मॅच झालीच नाही तर ढाल ज्याच्याकडे आहे त्याच्याकडेच राहते.

यंदा मामला जास्तच गंभीर होता. देवीदास कतार सोडून कायमचा नाशिकला चालला होता. नोकरीचा राजीनामा देऊन झाला होता, त्याची बायको कमलिनी पुढे जाऊन घर लावत होती, खोकी बांधून तयार होती. म्हणजे ही त्याच्याविरुद्धची शेवटची मॅच. याच देवीदासने शेवटच्या वर्षाला असताना फायनलमध्ये माझी पेनल्टी अडवली होती. अडवली कसली, मीच ती सरळ त्याच्या पोटात मारली होती. तेव्हापासून लग्न असो, बारसं असो, मंडळाचा गणपती असो, हा गृहस्थ मला बघितलं की पोटावरून हात फिरवतो आणि चारचौघांत म्हणतो, “श्याम्या, अजून दुखतंय रे इथे.” माझे केस पांढरे झाले, पण हा विनोद काही म्हातारा होईना. मला त्याला एकदा हरवायचं होतं. एकदाच. नाहीतर ढाल नाशिकला जाणार आणि ते वाक्य जन्मभर माझ्या मानगुटीवर बसणार.

माझी बायको शैलजा त्याच्याच कॉलेजची. वैऱ्याच्या काठावरून मुलगी आणली म्हणून माझ्या मित्रांनी तेव्हा मला वाळीत टाकायचंच बाकी ठेवलं होतं. मॅचनंतरच्या मिसळीचं काम मात्र दोन्ही टीम तिच्यावरच सोपवतात. तिने बुधवारीच मटकी भिजत घातली. गुरुवारी संध्याकाळी मटकीला मोड दिसू लागले आणि त्याच सुमाराला हवामान खात्याचा इशारा आला, की शुक्रवारी जोराचा वारा आणि धूळ.

आधीच उल्हास, त्यात फाल्गुन मास! माझ्या टीममध्ये दुखरे गुडघे, सुटलेली पोटं आणि रक्तदाबाच्या गोळ्या यांची काही कमतरता नव्हतीच. आता प्रत्येकाला धुळीची ॲलर्जी आठवली. एकाने तर लहानपणी दमा होता म्हणून कळवलं. मी एकेकाला फोन केला आणि बाकी सगळे येतायत, तू एकटाच मागे राहिलास तर बरं दिसणार नाही, असं प्रत्येकाला ठणकावलं. अशा रीतीने मी अकरा माणसं जमवली. त्यातला गंधार तेवढा खरा पळणारा होता. तो आयटीतला पोरगा, नुकताच कॉन्ट्रॅक्टवर आलेला, आणि आमच्यात धड चालणारे दोन गुडघे फक्त त्याच्याकडे.

आम्ही जेवायला बसलो होतो आणि देवीदासचा फोन आला.

मी हात पुढे केला आणि मागे घेतला. हा आत्ता कशाला फोन करतोय? उघड आहे. धुळीचं निमित्त सांगून मॅच रद्द करणार आणि ढाल खोक्यात भरून निघून जाणार! पण रद्द करायची तर दोन्ही कॅप्टनांचं बोलणं व्हायला हवं. बोलणंच झालं नाही तर? रद्द झाल्याचं मी ऐकलंच नाही तर मॅच रद्द होईल कशी? मी इन्स्ट्रुमेंटेशनचा माणूस आहे. सिग्नल पोचला नाही तर व्हॉल्व्ह बंद होत नाही, एवढं मला कळतं. फोन थरथरत थरथरत आमटीच्या वाटीपर्यंत गेला आणि थांबला.

आमची मुलगी उर्वी कपाळाला हात लावून म्हणाली, “बाबा, जस्ट पिक अप द फोन.”

मी तिला म्हणालो, याला डावपेच म्हणतात. मग टीममधल्या सगळ्यांना हुकूम सोडला. देवीदासचा किंवा त्याच्या कुठल्याही माणसाचा फोन उचलायचा नाही, मेसेज उघडायचा नाही. यल्ला, चला, सकाळी थेट मैदानावर!

सकाळी खिडकीबाहेर पाहिलं तर समोरची बिल्डिंग नव्हती. म्हणजे होती, पण दिसत नव्हती. तेवढ्यात अल थुमामाच्या मैदानाची व्यवस्था बघणाऱ्या शफीकभाईंचा फोन आला, की उघडं मैदान आज बंद. दुसरा कुणी असता तर खचला असता. मी ताबडतोब ओळखीपाळखी काढून फरीज बिन ओमरानमधला एक छपराचा हॉल मिळवला, टीमला तिकडे पाठवलं आणि देवीदासला कळवायला फोन लावला.

तो उचलेना!

पुन्हा लावला, तरी उचलेना. मेसेज टाकला, तो उघडेना. पाणी कुठे मुरतंय ते माझ्या ध्यानात आलं. लपून बसलाय लेकाचा. नवेकोरे बूट चढवून मी निघालो, तर दारात शैलजा.

“अरे, देवीदासचा मला फोन आला होता. तो म्हणत होता...”

मी दोन्ही कानांत बोटं घातली. मॅचबद्दल एक अक्षर ऐकायचं नाही, असं मी मोठ्यांदा सांगितलं, कारण मला माझाच आवाज ऐकू येत नव्हता. तिने माझ्याकडे शांतपणे पाहिलं. बोटं काढल्यावर म्हणाली, “बरं. मिसळ मात्र आपल्या बिल्डिंगच्या पार्किंगमध्येच. मी या धुळीत पातेली घेऊन हिंडणार नाही, आणि मोड आलेली मटकी काही तुमच्यासाठी थांबायची नाही. ग्रुपवर कळवलंय मी.”

अल अझीझियातल्या घरून मी बिन ओमरानला पोचलो. टीम हजर, हॉल हजर, देवीदासचा पत्ता नाही. आमचे लोक लगेच म्हणायला लागले, की ते आले नाहीत म्हणजे आपण जिंकलो, खलास, चला मिसळ खायला. मला संताप आला. न खेळता जिंकलेली ढाल घेऊन मी काय करू? त्याच्या पोटावरचा हात तसाच राहील. मी त्यांना तिथेच थांबायला सांगितलं आणि देवीदासला हुडकून आणायला थुमामाकडे गाडी काढली. वाटेत माझा फोन त्याला सारखा चालू होता. पाय सुजल्यासारखा वाटला म्हणून एका सिग्नलला उजव्या बुटाची नाडी सैल केली.

मैदानाच्या फाटकात शफीकभाई तोंडाला रुमाल बांधून उभे होते. “अरे श्यामभाई, देवीदाससाब ने तो बाजूवाला हॉल लिया था. पूरी टीम लेके बैठे थे. बोले, आप फोन नहीं उठाते. फिर किसी ने बताया आप बिन ओमरान में हैं, तो अभी आपको ढूँढने निकले.”

तशीच गाडी वळवली. बिन ओमरानला पोचलो तर हॉलमध्ये दुसऱ्याच लोकांचं बॅडमिंटन चालू होतं आणि गंधार एकटा पायरीवर बसला होता.

“काका, देवीदासकाका येऊन गेले. तुम्ही थुमामाला गेलात म्हटल्यावर ते परत थुमामाला गेले. तुम्हाला लावत होतो, पण तुमचा फोन सारखा एंगेज.”

“आणि आपली टीम?”

“मिसळ,” गंधार म्हणाला.

पार्किंगमध्ये उतरलो तेव्हा दोन्ही टीम एका लांबलचक टेबलाभोवती गुण्यागोविंदाने तर्री ओरपत होत्या. दुसऱ्या वाढणीवर होते सगळे. आता यातल्या एकालाही पळवलं असतं तर ॲम्ब्युलन्स बोलवावी लागली असती. थोड्या वेळाने देवीदासही उतरला. पूर्ण किटमध्ये, हातात गोलकीपरचे हातमोजे, भुवया धुळीने पांढऱ्या. आम्ही दोघं एकदमच बोललो.

“तू रद्द करायला फोन करत होतास ना?”

 टेबलावर कुणीतरी कुरकुर फरसाण चावलं.

त्यानेही माझ्यासारखंच केलं होतं. माझी माणसं गळतायत असं त्याच्या कानावर गेलं होतं, म्हणून गुरुवारी त्याने मला सावध करायला फोन केला. मी उचलला नाही म्हटल्यावर त्याला वाटलं, श्याम आता माघार घेणार. मग शुक्रवारी त्यानेही माझा फोन उचलायचं बंद केलं. ढाल तर त्याच्या गाडीतच होती. ती कार्गोच्या खोक्यात भरू नका म्हणून त्याने पॅकिंगवाल्यांना बजावून ठेवलं होतं.

“न खेळता जायचं नव्हतं रे मला,” तो म्हणाला. आणि तो भुवयांवरची धूळ पुसू लागला. 

“एक पेनल्टी,” मी म्हणालो. “तू उभा राहा, मी मारतो. त्यावर ढाल.”

एका बाजूला पार्किंगचा खांब, दुसऱ्या बाजूला शैलजाने मिसळीचं पातेलं नेऊ दिलं नाही म्हणून पाण्याचा जार, असा गोल ठरला. पंच शैलजा, कारण जन्माने ती त्यांच्या काठाची आणि लग्नाने आमच्या, त्यामुळे दोन्ही टीमचा तिच्यावर सारखाच अविश्वास होता. देवीदास मोजे चढवून वाकला. पोटावरून एकदा हात फिरवायला विसरला नाही.

मी मागे गेलो. इतक्या वर्षांचा सगळा राग उजव्या पायात गोळा केला आणि धावत येऊन फटका मारला. पण सैल नाडी माझ्या लक्षात राहिली नव्हती. बॉलला पाय जेमतेम लागला आणि बूट सुटून तोफेच्या गोळ्यासारखा वरच्या डाव्या कोपऱ्याकडे गेला. देवीदासने काय झेप घेतली म्हणून सांगू! त्या वयात, त्या पोटासकट, तो हवेत आडवा झाला आणि बूट दोन्ही हातांत अलगद झेलला. टाळ्यांचा कडकडाट झाला. आणि टाळ्या चालू असतानाच बॉल दुसऱ्या बाजूने, दमलेल्या माणसासारखा, हळूहळू लोळत जाराशेजारून आत गेला.

त्यांचे लोक म्हणाले, अडवलं. आमचे म्हणाले, गोल. शैलजाने हातातला डाव खाली ठेवला आणि निकाल दिला, “बॉल आत गेलाय. बूट अडवल्याचे वेगळे मार्क नाहीत.”

देवीदासने गाडीतून ढाल आणून माझ्या हातात दिली. मला काहीतरी मोठं बोलायचं होतं, पण नुसतं रडू यायला लागलं, म्हणून मी बूट मागितला.

“बूट नाही मिळायचा,” तो म्हणाला. “ढाल तुझी. हा मी अडवलाय.”

आणि तो खरंच घेऊन गेला. आता नाशिकला त्याच्या दिवाणखान्यातल्या काचेच्या कपाटात माझा उजवा बूट आहे. कमलिनीवहिनींनी तो देवघरापासून शक्य तितका लांब ठेवला आहे. इकडे आमच्या टीव्हीवर ढाल आहे. गोल कसा मारला असं कुणी विचारलं तर मी उजव्या पायाने एवढंच सांगतो. शेजारी डावा बूट ठेवायला गेलो होतो, पण शैलजाने तो बाल्कनीत हाकलला.

मी मात्र स्वस्थ बसणाऱ्यांतला नाही. दिवाळीत सुट्टीवर गेलो की नाशिकला बुटासाठी मॅच खेळायची, हे मी ठरवून टाकलंय. काही झालं तरी ही मॅच रद्द होणार नाही. तारीख पक्की करायला कालपासून देवीदासला फोन लावतोय.

उचलत नाहीये.