पंच्याऐंशीचं कारस्थान

‘धर्मा डिटेक्टिव्ह. सुगावा, पाळत, झेरॉक्स व लॅमिनेशन. गुन्हेगार कितीही खोल पाण्यात असो.’

कार्डावर एवढंच मावलं होतं. उरलेलं धर्मा तोंडी सांगायचा. नजर घारीची, कान सशाचे, आणि मेंदू असा, की तो आपल्या खांद्यावर का आला याचं खुद्द त्यालाच नवल वाटे. नाकाबद्दल तो गप्प बसायचा. सुक्या मासळीच्या वासानं शिंका येणारा आणि बोटीत पाय ठेवला की ओकणारा थळच्या कोळीवाड्यातला तो एकमेव माणूस. म्हणून तर झेरॉक्सचं दुकान. पण खोल पाण्यात तो स्वतः कधी उतरला नव्हता, हे कार्डावरून कळत नसे.

त्याची मदतनीस म्हणजे त्याची बायको, नलू. तपासाची वही ती लिहायची, कारण धर्माचं अक्षर गुन्हेगारालाच काय, धर्मालाही वाचता येत नसे.

ही केस आली तीही नलूच्याच जिव्हाळ्याची. वाचनालयाच्या ओट्यावर एक फळा होता. गुणाजी मास्तर तीन वर्षं त्यावर रोज सकाळी सातला एक अंककोडं लिहायचे. लोक पेटीत नाव घालून चिठ्ठी टाकायचे, आणि संध्याकाळी मास्तर खाली उत्तर लिहायचे. ओळीनं सात दिवस ज्याची बरोबर चिठ्ठी पहिली, त्याच्या हाती महिनाभर खडू. कोडी त्यानं घालायची.

दहावीला गणितात दोनदा आपटलेली नलू त्या फळ्यापायी तीन वर्षं सकाळची पहिली भाकरी करपवत आली होती. तिला तो खडू हवा होता. एकदा ती सहा दिवसांपर्यंत पोचलीही. सातव्या दिवशी धर्मानं तिची चिठ्ठी महत्त्वाचा कागद समजून लॅमिनेट केली, आणि ती काही पेटीच्या फटीतून जाईना.

“धर्मा, घात झाला,” मास्तर दुकानात येऊन बसले. “कृष्णाबाईची सहा दिवस सहा उत्तरं बरोबर.”

“ती सुकटवाली? चौथी शिकलेली?”

“चौथी नापास. मीच केली. आणि ती चिठ्ठी टाकते सहाला. मी कोडं लिहितो सातला.”

धर्मानं डोळे बारीक केले. “म्हणजे आधी उत्तर, मग प्रश्न. मास्तर, गुन्हेगार भविष्यकाळात राहतो.”

“कुठं राहतो ते तू बघ. उत्तर माझ्या डोक्यात असतं आणि डोक्याला खिडकी नाही. उद्या सातवा दिवस. उद्या सकाळपर्यंत फितूर सापडला नाही तर फळा माळ्यावर. कायमचा.”

नलूच्या हातातली वही जड झाली. फळा माळ्यावर गेला तर उरलेल्या जन्मात सकाळी काय बघायचं? भाकरी?

“अहो,” मास्तर गेल्यावर ती म्हणाली, “कृष्णामावशीलाच विचारूया की.”

“नलू, संशयिताला कधी विचारायचं नसतं. विचारलं की तो सावध होतो. लिही. तर्क पहिला. मास्तर आंघोळ करताना मोठ्यानं बोलतात.”

मास्तरांच्या न्हाणीमागे तो अर्धा तास उभा राहिला. मास्तर बोलत नव्हते, आरती म्हणत होते, तीही चुकीची. तर्क दुसरा, मास्तरांच्या चष्म्यात फळ्याचं प्रतिबिंब. मास्तर चष्मा लावत नाहीत. तर्क तिसरा पाळतीचा. सुकत टाकलेल्या जाळ्याखाली लपून तो कृष्णाबाईच्या दारावर नजर ठेवू लागला. दहा मिनिटांत वाड्यातली सगळी मांजरं जाळ्याभोवती गोळा झाली आणि अकराव्या मिनिटाला तो शिंकला.

“काय रं धर्मा,” आतून कृष्णाबाईचा आवाज आला, “सर्दी झालीय त जाल्यात कशाला निजतोस? काढा देऊ काय?”

“मी इथं नाही,” धर्मा म्हणाला.

घरी येऊन त्यानं वही मागितली. सहा दिवसांची उत्तरं नलूनं एकाखाली एक लिहिली होती: ३४५, ४३०, ५१५, ६००, ६४५, ७३०. सहाशेचं कोडं तर पोरखेळ होतं, ‘तीन अंकी संख्या, दोन शून्यं, बेरीज सहा.’ त्या दिवशी सगळ्या गावाचं बरोबर आलं. धर्मानं मात्र ००६ लिहिलं होतं. मास्तर म्हणाले, शून्य पुढं उभं राहिलं तर त्याला किंमत नसते. धर्मा दोन दिवस नीट जेवला नाही. आयुष्यात त्याचं एकही उत्तर बरोबर आलेलं नव्हतं, आणि हे सगळ्या गावात एकट्या नलूला खुपायचं.

“वजाबाकी कर,” तो म्हणाला. “वरचं खालच्यातून.”

नलूनं केली. “पंच्याऐंशी. पंच्याऐंशी. परत पंच्याऐंशी. मग पंचेचाळीस. मग पंच्याऐंशी.”

धर्मा उभा राहिला. “कट आहे.”

“आणि पंचेचाळीस कुठून आले?”

“त्या दिवशी गुन्हेगारानं अर्धी रजा टाकली. गावात पंच्याऐंशी वर्षांचं कोण आहे?”

गावाच्या हिशेबानं पंच्याऐंशी वर्षांचे एकटे नामाआजोबा होते, अंगणात बाजेवर. धर्मानं त्यांची तासभर उलटतपासणी घेतली. पहिला पाऊण तास आजोबा झोपले होते, हे त्याच्या उशिरा लक्षात आलं. जागे झाल्यावर म्हणाले, “पंच्याऐंशी? त्ये दोन वर्सांमागं. आता सत्त्याऐंशी.”

“वय लपवतोय,” धर्मानं वहीत लिहायला सांगितलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी सहाला नलूनं तवा उतरवला, धर्माला पांघरूण घातलं आणि ती सरळ पेटीपाशी जाऊन उभी राहिली. कृष्णाबाई टोपली घेऊन आली, कमरेची चिठ्ठी काढली, पेटीत टाकली.

“मावशी, काय लिहिलंस गो?”

“आठशे पंधरा.”

“अजून कोडं कुठं लिहिलंय?”

“मला कुठं कोडं येतंय? आज एकादस न्हाय काय? अकराचं पाऊण, सव्वाआठ. सव्वाआठला भरती.”

नलूनं बोटांवर मोजलं. तिथीची पाऊणपट केली की भरतीची वेळ. वाड्यातलं शेंबडं पोरही हे जाणतं. पंचमीला पावणेचार, षष्ठीला साडेचार, सप्तमीला सव्वापाच. फळ्यावर तेच, ३४५, ४३०, ५१५. रोज पाऊण तास पुढं; पण तास साठाला भरतो आणि आकडा शंभराला, म्हणून पंच्याऐंशीचा फरक, आणि सहाच्या ठोक्यावरून पावणेसातला जाताना नुसतेच पंचेचाळीस. पण फळ्यावरचा आकडा तो शाळेचा आणि दर्यावरचा तो दर्याचा. दोघांची ओळख करून द्यायचं तीन वर्षांत कुणाला सुचलं नव्हतं. तिलाही.

“आणि हे आत्ताच कसं?”

“गेल्या म्हयन्यात मोतीबिंदू काढला, तवा तं फला दिसला. बघते तं मास्तर खाली भरती लिवतोय. म्हटलं बोटवाल्यांसाठी लिवतो. वरचं बेरीज-बिरीज पोरांसाठी.”

“मग चिठ्ठी कशाला टाकतेस?”

“सगली टाकतात. मी न्हाय टाकली त मास्तरला वाईट न्हाय वाटनार?”

तेवढ्यात मास्तर आले. मागोमाग, पांघरुणासकट, धर्मा. मास्तरांनी कुणाकडे न बघता फळ्यावर लिहिलं, ‘तीन अंकी संख्या. शेवटचा अंक मधल्याच्या पाचपट. तिघांची बेरीज चौदा.’

“मधला एक, शेवटचा पाच, पहिला आठ,” नलू म्हणाली. “मास्तर, आज एकादशी.”

मास्तरांच्या हातून खडू पडला. तो न उचलताच ते म्हणाले, “रोज नवा आकडा आणायचा कुठून, नलू? चहा पिताना समोर कालनिर्णयच असतं. तिथी दिसते, पाऊणपट करतो.”

“म्हणजे तीन वर्षं तेच पंधरा आकडे?”

“कोडं दर वेळी नवं घालायचो,” मास्तर पुटपुटले.

धर्मानं घसा साफ केला. “थोडक्यात, फितूर चंद्र आहे. पण पंच्याऐंशी मीच शोधले होते, हे वहीत असू दे.”

सात दिवस झाले होते. मास्तरांनी नियमानं खडू उचलून कृष्णाबाईपुढे धरला. तिनं तो उलटसुलट बघितला आणि नलूच्या हातात दिला. “मी काय करू त्याचं? ही पोर तीन वर्सं भाकऱ्या जालतेय. घरच्यांनी आता नीट खावं.”

द्वादशीच्या सकाळी सातला नलू फळ्यासमोर उभी राहिली. रात्री तिनं बारा कोडी रचली होती, एकाहून एक अवघड. मग तिचं लक्ष समोरच्या दुकानाकडे गेलं. धर्मा शटर अर्धं वर करून, मान खाली घालून बसला होता. तिनं बाराही कोडी पदराआड केली आणि लिहिलं:

‘दोन अंकी संख्या. अंकांची बेरीज तेरा. उलटी केली तर सत्तावीसनं कमी होते.’

संध्याकाळी तिनं पेटी उघडली. गुपित तोवर गावभर झालं होतं. एक्केचाळीस चिठ्ठ्यांवर ९०० होतं, द्वादशीची भरती. कोडं कुणी वाचलंच नव्हतं. मास्तरांनीही.

बेचाळिसावी चिठ्ठी पेटीच्या वर ठेवलेली होती. तीही कोडं न वाचताच लिहिलेली, पण आकडा ८५. फटीतून ती जाणार नव्हती. लॅमिनेट केलेली होती.