कल आजी धप्प

नवरा विपुल बँकेत कामाला गेलेला, लेक वेदिका झोपलेली, ओटा आवरलेला. अशा वेळी घटकाभर सिनेमा बघावा, एवढंच माणिकनं ठरवलं. देवाधर्माचा बघितला असता तर पुढचं काही घडलंच नसतं. पण टीव्हीवर लागला तो थरारपट. त्यातलं एक गोजिरं पोर ज्याच्याकडे टक लावून बघे, त्याचं वाटोळं होई. आधी फुलदाणी, मग मांजर, मग काका. (काका तसा नालायकच होता, पण म्हणून काय झालं?)

काका जिन्यावरून गडगडत असताना पाठीमागे कुणीतरी उभं असल्याचं माणिकला जाणवलं. चार वर्षांची वेदिका केस पिंजारून छताच्या पंख्याकडे एकटक बघत होती. पंखा मंदावला आणि थांबला. टीव्हीही गपकन बंद. लखनौत उन्हाळ्यात लाइट जाते, हे गोमती नगरातलं शेंबडं पोरही जाणतं. माणिक नेमकी त्या क्षणी विसरली.

मग वेदिकानं भिंतीवरच्या लग्नाच्या फोटोतल्या आजीकडे बोट दाखवलं आणि शांतपणे म्हणाली, "कल आजी धप्प."

आणि सासूबाई कऱ्हाडहून उद्याच येणार होत्या.

तिनं विपुलला फोन केला. तो म्हणाला, पोरीत एवढी शक्ती असेल तर आधी आमच्या मॅनेजरकडे बघायला सांग. अशा माणसापुढे काय डोकं फोडणार? सासूबाईंना पडू द्यायचं नाही, हे तिनं एकटीनंच मनाशी पक्कं केलं. सासू सुनेच्या घरात पडली तर कऱ्हाडात 'पडली' असं कुणी म्हणत नाही, 'पाडली' म्हणतात.

दुसऱ्या दिवशी सासूबाई जिना चढू लागल्या, तेव्हा माणिक त्यांच्यापुढे दोन्ही हात पसरून उलटी चढत होती. घरातली पायपुसणी माळ्यावर गेली होती, न्हाणीघराची फरशी पंच्यानं कोरडी केली होती. सासूबाई पाणी प्यायला उठल्या की पाणी हजर, खिडकीशी जायला निघाल्या की खुर्चीच खिडकीशी. अमीनाबादच्या बाजारात चिकनच्या भरतकामाच्या साड्या बघायला जायचं त्यांनी काढलं, तर तिनं उन्हाचं निमित्त सांगून त्यांचे पाय मांडीवर घेतले आणि दाबायला बसली.

दुपारपर्यंत सासूबाई बुचकळ्यात पडल्या होत्या. दुपारनंतर त्यांना ते आवडू लागलं. संध्याकाळी तर लेकीला फोन लावून त्यांनी ऐकवलं, की सून असावी तर अशी, तू जरा शिक.

एवढं ऐकून माणिक सुखावली. चहाचं दूध गॅसवर ठेवून ती पुन्हा पाय दाबायला बसली. तेवढ्यात सासूबाईंना काहीतरी आठवलं.

"अगं, परवा व्हिडिओवर बोलताना झालं काय? एकदम सगळं पांढरंफटक. मला वाटलं, माझेच डोळे गेले."

"फोन कणकेच्या डब्यात पडला होता, आई. वेदूच्या हातातून."

वेदिका कंटाळून म्हणाली, "बोली तो थी मैं. काल आजी धप्प."

माणिकचे हात जागच्या जागी थांबले. "तू 'कल' म्हणालीस ना? म्हणजे उद्या."

"काल!" वेदिका ओरडली. "आपने ही तो कहा था, आजी आ रही है, मराठीत बोल."

खरंच होतं ते. नातीशी बोलायला दुभाषा आणू का, असा टोमणा सासूबाईंनी मारल्यापासून माणिकनं पोरीच्या मागे 'मराठीत बोल'चा लकडा लावला होता. आणि पोरगी जन्मात पहिल्यांदा आपणहून मराठी बोलली, ती आईला कळली नव्हती.

मग तिला सगळंच सांगावं लागलं, पंख्यापासून काकापर्यंत. सासूबाई पोट धरून हसल्या. शेवटी डोळे पुसत म्हणाल्या, "दुभाषा तुझ्यासाठीच आणायला हवा होता गं." आणि दुसरा पाय पुढे केला. "हा राहिलाय. थांबू नकोस, उद्याचं काय सांगावं."

माणिकनं निमूटपणे पाय मांडीवर घेतला. घरात भूत नव्हतं, शक्ती नव्हती, सासूबाई धडधाकट होत्या. याहून जास्त माणसाला काय हवं?

वेदिका स्वयंपाकघराकडे टक लावून बघत होती.

"आई, दूध."

दूध मराठीतही दूध, हिंदीतही दूध. माणिकला मात्र ते करपल्याच्या वासावरून कळलं.